८०० मीटरवाली टिगिस्ट असेफा शेवटच्या दोनशे मीटरमध्येच का मागे पडते?

मुग्धा_८००

नमस्कार मंडळी. प्रश्न बरेच दिवस डोक्यात घोळतोय, आज लिहूनच टाकते.

१४ सप्टेंबर २०२५, टोकियोची जागतिक स्पर्धा, बायकांची मॅरेथॉन. स्टेडियममध्ये शेवटी दोघीच उरल्या होत्या, इथिओपियाची टिगिस्ट असेफा आणि केनियाची पेरेस जेपचिरचिर. टिगिस्टने आधी वेग वाढवला. मी खुर्चीतून उठून उभी राहिले, म्हटलं झालं, आता हिला कोण गाठतंय! आणि शेवटच्या सरळ पट्ट्यात पेरेस बाजूने आली आणि निघून गेली. २:२४:४३ आणि २:२४:४५.

वर्षभर आधी पॅरिस ऑलिंपिक. नेदरलँड्सची सिफान हसन २:२२:५५, टिगिस्ट २:२२:५८. त्याच वर्षी एप्रिलमध्ये लंडनला पेरेस २:१६:१६, टिगिस्ट २:१६:२३. तिन्ही शर्यतींतला फरक मिळून बारा सेकंद होतात. बारा सेकंदांत एक ऑलिंपिक सुवर्ण, एक जागतिक सुवर्ण आणि एक लंडन गेलं.

मी कॉलेजात पाच वर्षं आठशे पळाले. आठशेवाल्या मुलीला पहिल्या दिवसापासून एकच शिकवतात, सहाशेला पाय लाकडाचे झाले तरी शेवटचे दोनशे तुझे. ते दोनशे काय असतात ते मला ठाऊक आहे. तोंडात गंजलेल्या लोखंडाची चव येते, हात जड होतात, समोरची पाठ सोडून काही दिसत नाही. टिगिस्ट मूळची तिथली. २०१४ मध्ये लोझानला तिने १:५९.२४ दिले होते, २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये ती ८०० च्या प्राथमिक फेरीत (हीटमध्ये) धावली होती. मग बेचाळीस किलोमीटर झाल्यावर, जेव्हा फक्त आठशेचंच काम उरतं, तेव्हा तीच का हरावी? पेरेस तर कधी आठशेवाली नव्हतीच.

आणि दुसरा प्रश्न. हाइले गेब्रसेलासी, केनेनिसा बेकेले हे इथिओपियाचे दिग्गज सगळे पाच हजार, दहा हजार करत करत मॅरेथॉनला आले. ही मधल्या पायऱ्या सोडून थेट कशी आली?

---

विक्रमवही

पॅरिसबद्दल आधी. हसनकडून हरण्याला आठशेचा पराभव म्हणता येणार नाही. हसनचं स्वतःचं ८०० १:५६.८१ आहे, म्हणजे टिगिस्टपेक्षा अडीच सेकंदांनी सरस, आणि तिने २०१९ मध्ये मैलाचा विश्वविक्रमही केला होता. शिवाय शेवटच्या वळणावर दोघींचा धक्का लागला, इथिओपियाने तक्रार नोंदवली, ती फेटाळली गेली. मी ते वळण कितीतरी वेळा पाहिलंय. आतली जागा हसनने घेतली आणि टिगिस्टची लय तिथे मोडली, असं माझं मत.

बाकी आकडे हाताशी असावेत म्हणून. टिगिस्ट बर्लिन २०२२ ला २:१५:३७. बर्लिन २०२३ ला २:११:५३, हा विश्वविक्रम. आधीचा ब्रिजिड कोसगेईचा २:१४:०४ होता, म्हणजे एका फटक्यात २ मिनिटं ११ सेकंद कमी. पुढे ऑक्टोबर २०२४ मध्ये शिकागोला रूथ चेपन्गेटिचने २:०९:५६ दिले. लंडन २०२५ ला टिगिस्ट २:१५:५०, तेव्हाचा फक्त बायकांच्या शर्यतीतला विश्वविक्रम (यात पुढे पळून वेग ठरवून देणारे पुरुष, म्हणजे पेसमेकर, नसतात).

एक गोष्ट मला नेहमी थांबवते. इथिओपियाच्याच अबेबे बिकिलाने १९६४ च्या टोकियो ऑलिंपिकमध्ये २:१२:११.२ दिले, तेव्हा ती पुरुषांची जगातली सर्वोत्तम वेळ होती. टिगिस्टची बर्लिनची वेळ त्याहून १८ सेकंदांनी कमी आहे. बूट, रस्ते, खाणंपिणं सगळं बदललंय हे खरं, तरीही.

---

नीलगिरीखाली

मुग्धाताई, मी धावपटू नाही. सहा वर्षं अदिस अबाबात शिकवायला होतो आणि सकाळी शहरालगतच्या एन्टोटो डोंगराच्या चढावर फिरायला जायचो, त्या जोरावर लिहितोय. टिगिस्टला मी कधी पाहिलं नाही. तिच्यासारख्या पुष्कळ मुली मात्र रोज पाहिल्या.

अदिस मुळातच २३०० मीटरच्या वर. एन्टोटो तीन हजारांच्या पलीकडे जातो. तिथलं घड्याळ दिवस उजाडल्यापासून मोजतात, त्यामुळे पळणाऱ्या मुली बारा वाजता येतात असं आमचा राखणदार सांगायचा, म्हणजे आपले सहा. अंगावर जाड सुती गाबी गुंडाळून तो फाटकाशी बसलेला असायचा आणि समोरून एखादी पळत गेली की बसल्या बसल्या 'बेर्ची!' म्हणून हाक द्यायचा. बाईमाणसाला धीर द्यायचा शब्द, घट्ट राहा, जोर लाव असा.

वर नीलगिरीच्या झाडीतून सात-आठ जणींची रांग यायची. वाट अशी नाहीच, झाडं चुकवत कधी डावीकडे, कधी उजवीकडे. पुढची जिथे पाऊल टाकेल तिथेच मागचीचं पाऊल. आणि वेग इतका सावकाश की माझ्या जवळून जाताना त्यांचं बोलणं ऐकू यायचं. पहिल्या महिन्यात मला वाटलं, नवशिक्या असतील. मग राखणदाराने त्यातल्या दोघी दाखवल्या, परदेशात शर्यती जिंकून घर बांधलेल्या. त्यांचे जोराचे दिवस वेगळे असायचे. तेव्हा पहाटे गाडीने शहराबाहेर सेंदाफाच्या बाजूला डांबरी रस्त्यावर जायचं, मागे प्रशिक्षकांची व्हॅन, दार उघडं, दारात पाण्याची बाटली घेऊन एक मुलगा लोंबकळतोय. तिथे त्याच मुली ओळखू येत नसत. पण असे दिवस आठवड्यातून थोडे. बाकीचे झाडीतले.

पावसाळ्यात, तिकडचा पावसाळा जून ते सप्टेंबर, लाल माती बुटांना गोळ्यागोळ्याने चिकटायची. थांबल्या की पहिलं काम म्हणजे काटकीने तळव्यातली माती उकरणं. एक मुलगी ते फार निगुतीने करायची. प्रत्येक खाच साफ, मग बूट एकमेकांवर आपटायचे, मग तीच काटकी शेजारणीच्या हातात. ती आधी ट्रॅकवर पंधराशे पळायची. टाचेच्या वर दुखतं म्हणून स्पाइक्स (ट्रॅकवरचे खिळ्यांचे बूट) सोडले होते. माझं अम्हारिक मोडकंतोडकं, तिचं इंग्रजी तसंच, पण एवढं कळलं की तिला सगळ्यात अवघड गेलं ते सावकाश पळणं. अंगात घाई भरलेली होती, ती उतरायलाच वर्ष गेलं.

टिगिस्टचीही तीच जातकुळी. टाचेच्या दुखण्याने स्पाइक्स सुटले आणि २०१८ मध्ये ती रस्त्यावर आली, प्रशिक्षक गेमेडू डेडेफो यांच्या हाताखाली. पहिली मॅरेथॉन मार्च २०२२ ला रियाधमध्ये, २:३४:०१. त्याच सप्टेंबरात बर्लिनला २:१५:३७. लोक या सहा महिन्यांतल्या अठरा मिनिटांबद्दल बोलतात, काही जण संशयानेही बोलतात. मला मात्र त्याआधीची चार वर्षं दिसतात, ज्यांची कुठे नोंद नाही. झाडीतल्या रांगेतली चार वर्षं. जाता जाता, टिगिस्ट या शब्दाचा अम्हारिकमध्ये अर्थच धीर, संयम असा आहे. आणि तिकडे आडनाव नसतं, असेफा हे वडिलांचं नाव. म्हणून तिला टिगिस्टच म्हणायचं.

आता तुमचा प्रश्न. बर्लिन २०२३ चा हिशोब घरी वहीत मांडून बघा. किलोमीटरला ३ मिनिटं ७-८ सेकंद. चारशेची एक फेरी ७५ सेकंदांत, अशा एकशे पाच फेऱ्या आणि वर थोडं. पहिला अर्धा भाग ६६:२० मिनिटांत, दुसरा ६५:३३. दुसरी आलेली शीला चेपकिरुई जवळजवळ सहा मिनिटं मागे. ज्या बाईला साठ सेकंदांची फेरी दोनदा लागोपाठ मारता आलीय, तिच्या पायांना ७५ ची फेरी मोकळी वाटते. जिला मुळात ६६ च्या खाली जाता येत नाही, तिच्या पायांना ती तशी वाटत नाही. तुम्ही तिचं आठशे शेवटच्या दोनशे मीटरमध्ये शोधताय, ते तिथे शिल्लकच नसतं. तिने ते सगळ्या बेचाळीस किलोमीटरांत थोडं थोडं वाटून खर्च केलेलं असतं.

म्हणून ती कुठे जिंकली ते पाहा. बर्लिनला दोनदा आणि लंडन २०२५ ला. तिन्हीकडे शर्यत पहिल्यापासून पळवली गेली. लंडनला तर दुसरी जॉयसिलिन जेपकोसगेई आणि तिसरी हसन, दोघी दोन मिनिटांहून जास्त मागे. आता टोकियोचा वेग काढा, किलोमीटरला साधारण ३:२६. पॅरिस ३:२३. अशा शर्यतीत तिचं भांडवल वापरलंच जात नाही, आणि सगळ्यांचा निकाल शेवटच्या तीनशे मीटरवर येऊन ठेपतो.

---

फिजिओ_मीनल

वरच्या प्रतिसादाशी सहमत, शरीराच्या बाजूने थोडी भर घालते.

मुग्धा, आठशेत शेवटचे दोनशे 'माझे' असतात असं तुम्हाला शिकवलं, पण स्प्लिट्स, म्हणजे दर दोनशेच्या वेगळ्या वेळा, काढून बघितल्या तर तिथे बहुतेक कोणीच वेग वाढवत नसतं. सगळ्याच मंदावलेल्या असतात, जी कमी मंदावते ती पुढे जाताना दिसते. म्हणजे तेव्हाही तो खेळ टिकण्याचाच असतो. दोन मिनिटांच्या त्या धावण्यात साधारण दोन-तृतीयांश ऊर्जा ऑक्सिजनच्या वाटेनेच येते. त्यामुळे आठशेतून मॅरेथॉनला जाणं ऐकायला जितकं विचित्र वाटतं तितकं नाही. इंजिन बऱ्यापैकी तेच असतं, फक्त ते किती तास चालवायचं ते बदलतं.

मॅरेथॉनच्या शेवटी मात्र अडचण वेगळी असते. वेगाचे जे स्नायूतंतू आठशेत कामाला येतात, त्यांना साखर लागते, ग्लायकोजन. दोन तास पळाल्यावर स्नायूंतला तो साठा बराच रिकामा झालेला असतो. त्यात पोटरी आणि मांडीने हजारो वेळा जमिनीचा धक्का झेललेला. अशा पायांत कोणाचं ताजं आठशे किती होतं याला फारसा अर्थ राहत नाही. कोणाच्या पायांत अजून काही उरलंय, एवढंच बघायचं. पेरेस त्यात पक्की आहे. २०२१ चं ऑलिंपिक सुवर्ण तिचंच.

टाचेबद्दल. स्पाइक्सला टाच जवळजवळ नसतेच, त्यामुळे प्रत्येक पावलाला अकिलीस टेंडन (पोटरी टाचेला जोडणारी नस) पूर्ण ताणलं जातं. वर ट्रॅकची वळणं, कायम एकाच दिशेने. टाचेखाली जाड फोम असलेले रस्त्यावरचे बूट घातले की तो ताण कमी होतो. माझ्याकडे आलेल्या दोन मध्यम अंतराच्या मुलींनी याच कारणाने ट्रॅक सोडला आणि दोघी रस्त्यावर वेदनेशिवाय पळतात. त्यातल्या एकीला पहिल्या दिवशी मी फक्त टाचा वर-खाली करायला लावल्या होत्या. बाराव्या वेळेला ती रडली, इतकं दुखत होतं. टिगिस्टला ट्रॅक सोडताना काय वाटलं असेल याचा विचार करताना मला तीच डोळ्यासमोर येते. वेगाचं वय असताना वेग देणारे बूटच घालता येत नाहीत.

---

विक्रमवही

बुटांचा विषय निघालाच आहे तर. बर्लिन २०२३ ला तिच्या पायात आदिदासचे १३८ ग्रॅमचे बूट होते आणि शर्यत संपल्यावर तिने एक बूट हातात उंच धरला होता. त्या फोटोमुळे पुष्कळांनी सगळं श्रेय बुटाला दिलं. बुटाचा फायदा आहे, कोणी नाकारत नाही. पण मोठ्या शर्यतीत पहिल्या फळीतल्या सगळ्याच जणींच्या पायात आता कार्बन प्लेट (तळव्यातली कडक पट्टी) आणि हलका फोम असतो. सहा मिनिटांचं अंतर त्याने पडत नाही.

मुग्धाताईंचा दुसरा प्रश्न राहिला, मधल्या पायऱ्या का नाहीत. इथिओपियात दहा हजाराच्या संघात शिरणं म्हणजे काय ते आकड्यांतच दिसतं. रिओला अल्माझ अयानाने २९:१७.४५ देऊन वांग जुनशियाचा १९९३ पासूनचा विश्वविक्रम मोडला. २०२१ मध्ये लेटेसेनबेट गिडेने तो २९:०१.०३ वर नेला. गुडाफ त्सेगे पंधराशेतून वर आली, तिने २०२३ ला दहा हजारात जागतिक सुवर्ण आणि त्याच सप्टेंबरात पाच हजारात १४:००.२१ चा विश्वविक्रम केला. एका शर्यतीला देशाकडून तीन-चार जणी. दुखरी टाच घेऊन स्पाइक्समध्ये या रांगेत उभं राहण्यात काय हशील? रस्त्यावर दर महिन्याला कुठल्या ना कुठल्या शहरात शर्यत असते आणि तिथे देशाच्या कोट्याची अट नसते.

पायऱ्या चढत आलेल्यांची गोष्टही ऐका. गेन्झेबे डिबाबा, पंधराशेत ३:५०.०७, मोनाको २०१५, आठ वर्षं टिकलेला विश्वविक्रम. २०२० मध्ये व्हॅलेन्सियाला पहिली हाफ मॅरेथॉन १:०५:१८ मध्ये जिंकली. ऑक्टोबर २०२२ मध्ये अॅमस्टरडॅमला पहिली मॅरेथॉन, २:१८:०५. त्याच शर्यतीत अल्माझ अयानाचीही पहिली, २:१७:२०, आणि ती जिंकली. दोघींच्या पदार्पणाच्या वेळा टिगिस्टच्या रियाधपेक्षा पंधरा मिनिटांहून जास्त चांगल्या. तरी २:११ पर्यंत पोचली ती टिगिस्ट. ट्रॅकवर तिघींत सगळ्यात कमी नाव हिचंच होतं.

---

मुग्धा_८००

किती मनापासून लिहिलंत सगळ्यांनी. मीनलताई, 'कमी मंदावते ती पुढे दिसते' हे वाचून मी माझ्या जुन्या डायरीतल्या स्प्लिट्स काढल्या. माझी सगळ्यात चांगली शर्यत, जिच्यात मी शेवटी तिघींना मागे टाकलं होतं, त्यात माझे शेवटचे दोनशे हे चारही तुकड्यांतले सगळ्यात हळू होते. इतकी वर्षं मला वाटत होतं की मी तेव्हा उडाले होते.

नीलगिरीखाली दादा, तुमचं म्हणणं पटतंय, पण लंडन २०२४ त्यात बसत नाही. २:१६ म्हणजे काही रेंगाळलेली शर्यत नव्हे. तिथेही ती शेवटीच हरली. शिवाय तिच्यामागे जेपकोसगेई फक्त एका सेकंदाने, २:१६:२४.

आणि ती काटकीवाली मुलगी, पंधराशेवाली, तिचं पुढे काय झालं? पहिली मॅरेथॉन किती वेळात धावली?

---

फिजिओ_मीनल

डायरी जपून ठेव मुग्धा. नव्या मुलींना दाखवायला लागेल.

---

नीलगिरीखाली

लंडन २०२४ चा आक्षेप रास्त आहे. माझं उत्तर एवढंच की त्या दिवशी वेग होता, पण तो चौघींना झेपेल असा होता. मेगर्टू आलेमूसह चौघी अगदी शेवटापर्यंत एकत्र राहिल्या. वेग ती सोडून इतरांना नकोसा झाला पाहिजे, आणि तो शेवटी नाही, तर पंचवीस-तीस किलोमीटरच्या आसपास. पुढच्या वर्षी त्याच रस्त्यावर ती आधी सुटली आणि एकटी आली. चुकीची शर्यत कुठली आणि तिची शर्यत कुठली, हे तिलाही लंडननेच शिकवलं असावं, असा माझा अंदाज. टोकियोच्या दमट उन्हात तसं सुटणं सोपं नव्हतं, हेही मान्य. तिथे तिला दोष द्यायला माझी जीभ वळत नाही.

काटकीवालीबद्दल. मी परत आलो तोवर ती मॅरेथॉन धावली नव्हती. प्रशिक्षक अजून नाही म्हणत होते. तिसरं वर्ष चालू होतं, आणि निघायच्या आदल्या सकाळी मी वर गेलो तेव्हा ती रांगेत मागून दुसरी होती.